साथ येण्याआधी माणसं तयार कशी करायची: आरोग्य संकटासाठी शिक्षण आणि प्रशिक्षणाचं पायरीपायरीने नियोजन

२० जुलै २०१४ रोजी इबोलाची लागण झालेला एक प्रवासी नायजेरियातल्या लागोस शहरात विमानातून उतरला. लागोस म्हणजे आफ्रिकेतल्या सर्वांत गजबजलेल्या शहरांपैकी एक, आणि इबोलावर तेव्हा ना मान्यताप्राप्त लस होती, ना औषध. जगभरच्या तज्ज्ञांच्या पोटात गोळा आला. पण ती साथ २० रुग्ण आणि ८ मृत्यूंवर थांबली. २० ऑक्टोबरला जागतिक आरोग्य संघटनेने नायजेरिया इबोलामुक्त झाल्याचं जाहीर केलं. गिनी, लायबेरिया आणि सिएरा लिओन या पश्चिम आफ्रिकेतल्या तीन देशांत मात्र साथ संपेपर्यंत २८ हजारांहून जास्त लोकांना लागण झाली आणि ११ हजारांहून जास्त माणसं दगावली.

हा फरक नुसत्या नशिबाचा नव्हता. पहिल्याच रुग्णाबद्दल संशय घेऊन, दबाव येऊनही त्याला रुग्णालयाबाहेर जाऊ न देणाऱ्या डॉ. स्टेला अडाडेवोह यांनी शहर वाचवलं, पण त्यांचा स्वतःचा त्यात मृत्यू झाला. त्यानंतर जी यंत्रणा कामाला लागली ती पोलिओसाठी आधीच उभी होती. आपत्कालीन केंद्र चालत होतं आणि साथीच्या क्षेत्रीय तपासाचं प्रशिक्षण घेतलेली माणसं हाताशी होती. त्यांनी सुमारे ९०० संपर्कांवर, म्हणजे रुग्णांच्या सहवासात आलेल्या लोकांवर, नजर ठेवली आणि त्यासाठी जवळजवळ साडेअठरा हजार वेळा लोकांना प्रत्यक्ष भेटी दिल्या. यातल्या बहुतेकांनी इबोलाचा रुग्ण कधी पाहिलाही नव्हता. पण संपर्कांची यादी कशी करायची, दारात उभं राहून घाबरलेल्या माणसाशी कसं बोलायचं, त्या दिवसाचा अहवाल त्याच संध्याकाळी कुठे पोहोचवायचा, हे त्यांच्या अंगवळणी पडलेलं होतं.

अशी माणसं आपल्या हद्दीत कशी तयार करायची, त्यासाठी हा लेख आहे. तुम्ही स्थानिक प्रशासनात असाल, रुग्णालयात, शाळेत किंवा स्वयंसेवी संस्थेत असाल, आणि प्रशिक्षणाची जबाबदारी तुमच्यावर येऊन पडली असेल, तर खालच्या पायऱ्या त्याच क्रमाने घ्या. माझं एक ठाम मत सुरुवातीलाच सांगते: प्रशिक्षण झालं की नाही, हे हजेरीपटावरून ठरत नाही. महिनाभराने त्या माणसाचे हात काय करतात, यावरून ठरतं. पुढचं सगळं नियोजन या एका कसोटीला धरून आहे.

पायरी १: विषय ठरवू नका, कृती ठरवा

‘जनजागृती करणे’ या शब्दांनी सुरू होणारा आराखडा बाजूला ठेवा. उद्या सकाळी कोण काय वेगळं करणार आहे, हे त्यातून कळत नाही. त्याऐवजी प्रत्येक गटासाठी एकेक वाक्य लिहा: कोण, कोणत्या प्रसंगी, काय करेल आणि कशाच्या मदतीने. कॉलरा किंवा जुलाबाच्या साथीची तयारी असेल, तर ही वाक्यं साधारण अशी होतील:

- मुलाला सांभाळणारी व्यक्ती पहिल्या पातळ जुलाबापासूनच क्षारसंजीवनी द्यायला लागेल आणि खाणं किंवा अंगावरचं दूध बंद करणार नाही.
- स्वयंसेवक डोळे खोल गेलेत का, पोटावरची चिमटीत धरलेली कातडी सोडल्यावर सावकाश पूर्ववत होते का, मूल सुस्त आहे का, हे पाहील आणि तसं असल्यास त्याच क्षणी आरोग्य केंद्रात पाठवेल.
- पाणीपुरवठ्याचा कर्मचारी टाकीपाशी आणि शेवटच्या नळापाशी, दोन्ही ठिकाणी रोज क्लोरीन तपासेल आणि आकडा नोंदवेल.
- शाळेतले शिक्षक एकाच वर्गातली तीन-चार मुलं सारख्याच तक्रारीने गैरहजर दिसली तर त्याच दिवशी कळवतील.

वाक्यातलं क्रियापद डोळ्यांना दिसणारं हवं. ‘समजेल’, ‘जाणीव होईल’, ‘संवेदनशील होईल’ ही क्रियापदं आली की वाक्य पुन्हा लिहा. एका गटाला एका वेळी चार-पाचपेक्षा जास्त कृती देऊ नका. यादी वाढवण्याचा मोह प्रत्येक तज्ज्ञाला होतो, कारण आपला विषय गाळला जाऊ नये असं प्रत्येकाला वाटतं. इथे कठोर व्हावंच लागतं.

पायरी २: हा प्रश्न प्रशिक्षणाने सुटणारा आहे का, ते तपासा

एखादी कृती होत नाही त्याची चार कारणं असू शकतात. माहीत नाही, जमत नाही, साधन नाही किंवा मुभा नाही. प्रशिक्षण पहिल्या दोन कारणांवर चालतं. उरलेल्या दोनवर कितीही वर्ग घेतले तरी ते वाया जातात, वर शिकवणाऱ्याचा आणि शिकणाऱ्याचा दोघांचाही विश्वास उडतो.

परिचारिका दोन रुग्णांच्या मध्ये हात धूत नसेल, तर आधी बेसिन किती लांब आहे ते बघा. तिला हातांच्या स्वच्छतेवर चौथं व्याख्यान देण्याऐवजी प्रत्येक खाटेजवळ हातांना चोळायचं द्रावण ठेवलं तर फरक लगेच दिसतो. ताप असूनही सफाई कामगार कामावर येत असेल, तर त्याला संसर्गाचं ज्ञान नाही असं धरून चालू नका. एक दिवसाची मजुरी बुडणं त्याला परवडत नसेल. आणि मुभेचं म्हणाल तर सर्वांत अवघड प्रसंग हा: वरिष्ठ डॉक्टर हातमोजे न बदलता पुढच्या खाटेकडे निघालेत, हे कनिष्ठ कर्मचाऱ्याला दिसतंय. त्याने थांबवलं तर त्याच्यावर कोणी ओरडणार नाही, हे वरिष्ठांनी सर्वांसमोर आधी सांगितलेलं असायला हवं. ही कबुली मिळवणं हा तुमच्या प्रशिक्षणाच्या तयारीचाच भाग आहे.

पायरी ३: शिकवण्याआधी ऐका

सप्टेंबर २०१४ मध्ये गिनीतल्या वोमे गावात इबोलाची माहिती द्यायला गेलेल्या पथकावर गावकऱ्यांनी हल्ला केला. आठ जण मारले गेले. त्यांत आरोग्य कर्मचारी, अधिकारी आणि पत्रकार होते. पथकाकडची माहिती चुकीची नव्हती. पण ही बाहेरून आलेली माणसंच रोग घेऊन येतात, असा संशय त्या भागात पसरलेला होता, आणि त्या संशयाशी कोणी बोललं नव्हतं.

त्याच साथीत अंत्यविधींबाबत मात्र वेगळा धडा मिळाला. इबोलाने मृत्यू झालेल्याचा देह अतिशय संसर्गजन्य असतो, आणि देहाला आंघोळ घालणं, स्पर्श करणं हा तिथल्या विधींचा भाग होता. सुरुवातीला पथकं यायची, देह प्लास्टिकच्या पिशवीत घालायची आणि घेऊन जायची. मग लोक आजारी माणसं आणि मृतदेह लपवू लागले. मानववंशशास्त्रज्ञ आणि धर्मगुरूंना सोबत घेऊन जागतिक आरोग्य संघटनेने नोव्हेंबर २०१४ मध्ये सुरक्षित आणि सन्मानपूर्वक दफनाची नवी पद्धत जाहीर केली. कुटुंबाशी बोलणं झाल्याशिवाय काहीही सुरू करायचं नाही, प्रार्थनेला वेळ द्यायचा, कुटुंबाला सुरक्षित अंतरावरून सहभागी होऊ द्यायचं. दफन करणाऱ्या पथकांना संरक्षक पोशाखाइतकंच या संवादाचंही प्रशिक्षण दिलं गेलं.

तुमच्या आराखड्यात या पायरीसाठी तीन-चार दिवस तरी ठेवा. संकट सुरू झालेलं असेल तर एक दिवस, पण ठेवाच. वेगवेगळ्या वयाच्या, कामाच्या आणि भाषेच्या लोकांसोबत छोट्या गटांत बसा. बायका आणि पुरुष वेगवेगळे बसवा, म्हणजे बोलणं मोकळं होतं. प्रश्न साधे ठेवा: हा आजार कशाने होतो असं लोक म्हणतात? घरात कोणी आजारी पडलं तर सर्वांत आधी काय करता, कोणाला विचारता? दवाखान्यात जायला लोक कचरतात ते कशामुळे? मध्येच दुरुस्ती करू नका. ऐकलेली प्रत्येक अफवा तिच्याच शब्दांत वहीत लिहून घ्या, तारीख आणि ठिकाणासह. ही अफवांची वही पुढे साथभर चालू ठेवायची आहे.

पायरी ४: आशय कापा, आणि शिकवणाऱ्याला आधी पटवा

या पायरीवर मला जरा रेंगाळायचं आहे, कारण याचं सर्वांत मोठं उदाहरण आपल्या शेजारी देशात घडलं आणि ते फार कमी लोकांना ठाऊक आहे.

त्याची सुरुवात मात्र भारतात झाली. १९७१ मध्ये बांगलादेशातून आलेल्या निर्वासितांच्या छावण्यांत कॉलरा पसरला, तेव्हा पश्चिम बंगालमधल्या बनगावच्या रुग्णालयात डॉ. दिलीप महालनबीस यांच्याकडे शिरेतून द्यायचं सलाईन संपत आलं होतं. त्यांनी मीठ, सोडा आणि ग्लुकोजची मिश्रणं तयार करवून पिंपांमध्ये कालवली आणि रुग्णांना ते पाणी पाजण्याचं काम नातेवाइकांवर सोपवलं. मृत्यूचं प्रमाण ३० टक्क्यांच्या आसपास होतं, ते ४ टक्क्यांच्या खाली आलं. परिचारिका जे करायच्या ते आईबाप, भावंडं करू शकतात, हे यातून सिद्ध झालं.

पुढे बांगलादेशात ब्रॅक या संस्थेने १९८० पासून दहा वर्षांत घरोघरी जाऊन सव्वा कोटींच्या आसपास घरांमधल्या आयांना हे द्रावण करायला शिकवलं. तीन बोटांची चिमूट मीठ, मूठभर गूळ आणि अर्धा शेर पाणी. सुरुवातीला दहा मुद्दे होते, ते सातवर आणले. प्रत्येक आईने शिकवणाऱ्या कार्यकर्तीसमोर स्वतःच्या हाताने द्रावण करून दाखवायचं. मीठ जास्त पडलं तर बाळाला अपाय होतो, म्हणून आयांनी केलेल्या द्रावणांचे नमुने प्रयोगशाळेतही तपासले जात.

दोन गोष्टी तर मला कायम महत्त्वाच्या वाटत आल्या आहेत. पहिली म्हणजे कार्यकर्त्यांचा मोबदला त्यांनी किती घरं केली यावर ठरत नव्हता. काही आठवड्यांनी दुसरीच व्यक्ती जाऊन त्यांतल्या काही घरांमध्ये आईला काय आठवतंय आणि द्रावण बरोबर जमतंय का हे तपासायची, आणि त्यावर पैसे ठरायचे. दुसरी गोष्ट त्याहून बोलकी आहे. आयांना द्रावण करता येत होतं, पण घरात जुलाब झाल्यावर फारच थोड्या जणी ते वापरत होत्या. खोलात गेल्यावर कळलं, की शिकवणाऱ्या कार्यकर्त्याच स्वतःच्या जुलाबाला दुसरं औषध घेत होत्या. त्यांचाच विश्वास नव्हता. शिवाय घरातल्या पुरुषांना कोणी काही सांगितलं नव्हतं. मग कार्यकर्त्यांना हे पाणी शरीरात कसं काम करतं ते नीट समजावलं गेलं, पुरुषांच्या बैठका झाल्या, आणि वापर वाढला.

तुमच्यासाठी यातून निघणारं काम असं: शिकवायच्या मुद्द्यांची यादी करा आणि प्रत्येकापुढे विचारा, हा गाळला तर कोणाचा जीव धोक्यात येईल का? उत्तर ‘नाही’ असेल तर तो मुद्दा मागच्या पानावर. मग प्रशिक्षकांना बाजूला घेऊन विचारा की त्यांनी स्वतः लस घेतली आहे का, त्यांच्या घरात हेच पाळलं जातं का. शंका असतील तर आधी त्या मिटवा. अर्धवट पटलेल्या माणसाला वर्गात उभं करू नका.

(आता तयार पाकिटं मिळतात. ती असतील तिथे पाकीटच शिकवा, आणि पाकिटावर लिहिलेलं पाणी मोजायला कोणतं भांडं वापरायचं, ते त्या घरातलं भांडं हातात घेऊन ठरवा.)

पायरी ५: सांगा कमी, करून घ्या जास्त

कौशल्याच्या वर्गात किमान दोन तृतीयांश वेळ शिकणाऱ्याच्या हातांचा असावा. क्रम असा ठेवा. प्रशिक्षक एकदा न बोलता पूर्ण कृती करून दाखवतो. दुसऱ्यांदा प्रत्येक टप्प्याचं कारण सांगत दाखवतो. तिसऱ्यांदा शिकणारा बोलतो आणि प्रशिक्षक करतो. चौथ्यांदा शिकणारा करतो, आणि जोडीदार तपासणी-यादी हातात धरून बघतो. तिसरा टप्पा घाईत गाळला जातो. तो गाळू नका, कारण डोक्यात क्रम बसला आहे की नाही ते तिथेच उघडं पडतं.

संरक्षक पोशाख उतरवण्याचा सराव घ्या. घालणं सोपं असतं, लागण होते ती उतरवताना. पश्चिम आफ्रिकेच्या साथीत ८०० हून अधिक आरोग्य कर्मचाऱ्यांना इबोला झाला आणि त्यांतले ५०० हून अधिक वाचले नाहीत. हातमोजे, चष्मा, गाऊन आणि मास्क या साध्या संचासाठी उतरवण्याचा एक प्रचलित क्रम असा आहे: आधी हातमोजे, मग चष्मा किंवा चेहऱ्याची ढाल, मग गाऊन, शेवटी मास्क, आणि हात स्वच्छ करणं. मध्ये कुठेही हाताला घाण लागल्यासारखं वाटलं की तिथेच थांबून हात स्वच्छ करायचे. पूर्ण अंग झाकणाऱ्या पोशाखाचा क्रम वेगळा असतो. तुमच्या संस्थेने जो ठरवला असेल तोच भिंतीवर लावा आणि तोच शिकवा.

सरावात हातमोज्यांना आणि गाऊनच्या पुढच्या भागाला निरुपद्रवी रंगीत जेल लावा. शक्य असेल तर अतिनील दिव्याखाली चमकणारी पावडर किंवा जेल आणा. मग शिकणाऱ्याला दहा मिनिटं काहीतरी खरं काम द्या, चादर बदलणं किंवा नाडी मोजणं. त्यानंतर पोशाख उतरवायला सांगा. आता बारकाईने बघा. पहिला हातमोजा निघाला की उघड्या हाताची बोटं दुसऱ्या मोज्याच्या आत, मनगटापाशी सरकवायची असतात. नवखा माणूस तिथे मोजा बाहेरून चिमटीत पकडतो आणि अंगठ्याला रंग लागतो. गाऊनची गाठ सुटत नाही, म्हणून तो पुढून ओढतो. मास्कचा पुढचा भाग धरून खाली खेचतो, आणि हनुवटीवर रंगाची रेघ उमटते. शेवटी आरसा हातात द्या. स्वतःच्या जबड्याखालचा डाग पाहिलेला माणूस पुढच्या वेळी आपोआप सावकाश होतो. त्याला ओरडायची गरज पडत नाही, ओरडूही नका.

प्रत्यक्ष कामावर मात्र एकट्याने पोशाख उतरवायचाच नाही, असा नियम करा. समोर एक प्रशिक्षित निरीक्षक हवा. त्याने प्रत्येक टप्पा मोठ्याने वाचायचा, आणि तो पूर्ण झाल्यावरच पुढचा वाचायचा. थकलेल्या माणसाच्या स्मरणशक्तीवर विसंबून राहायचं नाही.

हात स्वच्छ करण्याचा सरावही याच पद्धतीने घेता येतो. साबण-पाण्याने ४० ते ६० सेकंद, हातांना चोळायच्या द्रावणाने २० ते ३० सेकंद, ही जागतिक आरोग्य संघटनेची वेळ. चमकणारं जेल वापरलं की अंगठे, बोटांची टोकं आणि बेचक्या सुटलेल्या दिसतात.

पायरी ६: प्रशिक्षकांची साखळी आखूड ठेवा

मोठ्या कार्यक्रमांत एक प्रशिक्षक वीस जणांना शिकवतो, ते पुढच्या वीस-वीस जणांना, अशी साखळी लावली जाते. कागदावर ती झपाट्याने पसरते. प्रत्यक्षात प्रत्येक कडीला सराव गळतो आणि शेवटी उरतं ते पडद्यावरच्या मजकुराचं वाचन. शक्यतो दोन कड्यांवर थांबा. प्रत्येक नव्या प्रशिक्षकाचा पहिला वर्ग अनुभवी माणसाने मागे बसून पाहिलाच पाहिजे. सर्वांकडे तीच तपासणी-यादी आणि तेच सरावाचं साहित्य द्या. साहित्य नसेल तर वर्ग पुढे ढकला. सरावाशिवाय वर्ग घेऊ नका.

कधीकधी साधन इतकं सोपं करता येतं, की साखळीचा प्रश्नच हलका होतो. देवी रोगाच्या निर्मूलन मोहिमेत टोकाला दोन दाते असलेली सुई आली आणि अगदी नवख्या माणसालाही थोडक्या वेळात लस टोचायला शिकवता येऊ लागलं. रुग्ण ओळखण्यासाठी देवी झालेल्या बाळाचं चित्र असलेलं कार्ड होतं. ते शाळांत, बाजारांत दाखवून ‘असं कोणी पाहिलंय का?’ एवढंच विचारायचं. तुमच्या मोहिमेतही व्याख्यानाऐवजी असं एखादं कार्ड करता येईल का, यावर एक दुपार घालवा.

पायरी ७: साथ ओळखणाऱ्या माणसांचं प्रशिक्षण

२०२१ मध्ये मांडलं गेलेलं ७-१-७ हे उद्दिष्ट इथे कामाला येतं. साथ सुरू झाल्यापासून सात दिवसांत ती लक्षात यावी, एका दिवसात वर कळवली जावी आणि पुढच्या सात दिवसांत प्रतिसादाची सुरुवातीची कामं पूर्ण व्हावीत. तुमच्या भागातली गेल्या दोन-तीन वर्षांतली कोणतीही साथ घ्या आणि या तीन तारखा शोधून लिहा. उशीर कुठे झाला ते दिसलं की प्रशिक्षण कोणाला द्यायचं तेही दिसतं.

क्षेत्रीय तपासाची ही परंपरा जुनी आहे. अमेरिकेत अलेक्झांडर लँगम्युअर यांनी १९५१ मध्ये साथरोग गुप्तवार्ता सेवा (साथीचा जागेवर जाऊन तपास करणाऱ्यांना तयार करणारा कार्यक्रम) सुरू केली आणि १९८० मध्ये थायलंडमध्ये अशा धर्तीचा कार्यक्रम उभा राहिला. आज अनेक देशांत तो तीन स्तरांवर चालतो. प्रगत स्तर दोन वर्षांचा असतो, तर पहिला साधारण तीन महिन्यांचा. पहिल्या स्तरात वर्गातले दिवस थोडे असतात. बाकीचा वेळ शिकणारा आपल्याच कामाच्या जागी, आपल्याच नोंदवहीवर काम करतो. हीच गोष्ट उचलण्यासारखी आहे. रुग्णाची व्याख्या वाचून तिच्यात कोण बसतं ते ठरवणं, प्रत्येक रुग्णाला एक ओळ देऊन यादी करणं, तारखेनुसार रुग्णसंख्येचा आलेख हाताने काढणं आणि तो बघून पुढचा प्रश्न विचारणं, एवढं एका कर्मचाऱ्याला आलं तरी तुमच्या भागाला पहारेकरी मिळाला.

पायरी ८: टेबलावरचा सराव

टेबलावरचा सराव म्हणजे टेबलाभोवती बसून एक काल्पनिक साथ हाताळून बघणं. यासाठी फारसा खर्च येत नाही, आणि तरीही हा सराव टाळला जातो. एक खोली, दहा-बारा निर्णय घेणारी माणसं आणि तीन तास लागतात. एक सूत्रसंचालक, एक नोंद करणारा. प्रसंग आधी लिहून ठेवायचा आणि चिठ्ठ्यांमधून तुकड्यातुकड्याने द्यायचा. नमुना देते.

पहिली चिठ्ठी: शुक्रवार, संध्याकाळचे पाच. एका वसतिगृहातून फोन येतो, अकरा मुलांना उलट्या-जुलाब सुरू झालेत. फोन कोणी घेतला? तो आता कोणाला कळवतो? नंबर दाखवा. दुसरी चिठ्ठी: रात्री नऊ. आकडा सव्वीसवर गेला, दोघं गंभीर. प्रयोगशाळा सोमवारी उघडते. पाण्याचे आणि शौचाचे नमुने कोण घेणार, कशात, कुठे ठेवणार? तिसरी चिठ्ठी: पाण्यात विष कालवल्याचा ध्वनिसंदेश फोनवर फिरतोय. चौथी: पालक फाटकाशी जमलेत, पत्रकार विचारतोय. पाचवी: निर्णयाचा अधिकार असलेल्या अधिकाऱ्याचा फोन बंद आहे.

‘आम्ही संबंधित विभागाला कळवू’ हे उत्तर स्वीकारू नका. विभागातल्या कोणाला, कोणत्या नंबरवर, आणि त्याने उचलला नाही तर? तिथल्या तिथे फोन लावून बघायला सांगा. यादीतले काही नंबर बदललेले निघतील. सराव संपल्यावर लगेच, कोणी उठण्याआधी, अर्धा तास चर्चा करा. दिसलेल्या उणिवांपैकी तीन निवडा, प्रत्येकीपुढे एका माणसाचं नाव आणि एक तारीख लिहा. वीस उणिवांचा अहवाल कपाटात जातो, तीन उणिवा दुरुस्त होतात.

पायरी ९: लोकांशी बोलण्याचं प्रशिक्षण

प्रवक्ता, शिक्षक, स्वयंसेवक या सर्वांना पहिल्या संदेशाचा साचा पाठ हवा. काय घडलंय, आम्हाला काय नक्की माहीत आहे, काय अजून माहीत नाही, तुम्ही आत्ता काय करावं, आणि आम्ही पुन्हा केव्हा बोलू. तिसरा भाग गाळण्याकडे अधिकाऱ्यांचा कल असतो. तो गाळू देऊ नका. कोविडच्या साथीत जागतिक आरोग्य संघटनेने सर्वसामान्यांच्या मास्कबद्दलचा सल्ला ५ जून २०२० रोजी बदलला. पुरावा वाढला की सल्ला बदलतो, हे लोकांना आधी समजावलेलं असतं, तर अशा बदलाला कोलांटउडी म्हटलं गेलं नसतं असं मला वाटतं. म्हणून प्रत्येक सूचनेसोबत ‘आजच्या माहितीनुसार’ म्हणायची सवय लावा, आणि सल्ला बदलला तर कारणासह बदला.

अफवेला उत्तर देताना आधी खरी गोष्ट सांगा, मग अफवा एकदाच, थोडक्यात सांगा, ती का चुकीची आहे ते समजावा, आणि पुन्हा खऱ्या गोष्टीवर या. अफवा ठळक अक्षरांत मथळ्यात देऊन खाली ‘हे खोटं आहे’ असं लिहिलं तर लोकांच्या लक्षात मथळाच राहतो.

सांगणारं माणूस कोण, हेही ठरवावं लागतं. देवीचा नैसर्गिक लागणीचा जगातला शेवटचा रुग्ण अली माओ मालीन, १९७७ मध्ये सोमालियात सापडला. तो रुग्णालयात काम करायचा, तरी सुईच्या भीतीने त्याने लस टाळली होती. पुढे तोच पोलिओच्या मोहिमेत गावोगाव फिरून आपली हकीकत सांगत पालकांना लसीसाठी तयार करायचा. २०१३ मध्ये त्या कामावर असतानाच मलेरियाने त्याचा मृत्यू झाला. तुमच्या भागात आजारातून बरी झालेली, लोकांच्या ओळखीची माणसं शोधा. त्यांची तयारी असेल तर त्यांना प्रशिक्षण द्या, प्रवासखर्च आणि मानधनही द्या.

शाळा हा वेगळाच मोठा विषय आहे. इबोलाच्या काळात तीन देशांतल्या शाळा महिनोन्‌महिने बंद राहिल्या, सुमारे ५० लाख मुलं घरी बसली. सिएरा लिओनमध्ये रेडिओवरून धडे चालवले गेले. शाळा उघडताना शिक्षकांना ताप मोजणं, हात धुण्याची व्यवस्था लावणं, संशयित मुलाला न लाजवता वेगळं बसवणं शिकवण्यात आलं. तुमच्या शाळेत एवढं तरी आजच करता येईल: मुलांना आजाराची लक्षणं पाठ करायला लावण्यापेक्षा ‘ही बातमी कोणी दिली, त्याला कसं कळलं, दुसरं कोण हेच सांगतंय’ हे तीन प्रश्न विचारायची सवय लावा. संकटाच्या काळात घरातल्या मोठ्यांचे फोन मुलंच वाचून दाखवतात.

पायरी १०: माणसांच्या मनाची काळजी

मानसिक प्रथमोपचाराची तीन सूत्रं सर्व प्रशिक्षणार्थींना द्या: बघा, ऐका, जोडून द्या. कोणाला तातडीची गरज आहे ते बघायचं, सल्ला न देता ऐकायचं आणि योग्य मदतीपर्यंत पोहोचवायचं. हे सहकाऱ्यांसाठीही वापरायचं आहे. पाळ्या आखतानाच विश्रांतीचे दिवस आखा. झोप न झालेल्या माणसाकडून तपासणी-यादी पाळली जात नाही.

पायरी ११: मोजा, उजळणी करा, बदला

१९५९ मध्ये डोनाल्ड कर्कपॅट्रिक यांनी प्रशिक्षण मोजण्याच्या चार पातळ्या सांगितल्या: आवडलं का, शिकले का, कामावर वापरतात का, आणि परिणाम दिसला का. बहुतेक कार्यक्रम पहिल्या पातळीवर थांबतात. तुम्ही तिसरी गाठा. वर्ग झाल्यावर साधारण महिन्याने, शिकवणाऱ्या व्यक्तीऐवजी दुसऱ्या कोणालातरी पाठवा. दहापैकी एक-दोन जण चिठ्ठी काढून निवडा, कामाच्या जागी उभं राहून त्याच तपासणी-यादीवर खुणा करा. चुकलेले टप्पे वर्गवार मांडा. एकच टप्पा सगळ्यांचा चुकत असेल तर दोष तुमच्या शिकवण्यात किंवा साधनांत आहे, माणसांत नाही.

हाताने करायची कौशल्यं काही महिन्यांतच विरू लागतात. वर्षातून एकदा दोन दिवसांचं शिबिर घेण्याऐवजी दर तीन महिन्यांनी पाळी सुरू होताना पंधरा मिनिटांचा सराव ठेवा. एका वेळी एकच कृती. नवीन रुजू झालेल्या माणसाचं नाव त्या यादीत पहिल्याच आठवड्यात चढलं पाहिजे.

खरी साथ येऊन गेली तर तीन महिन्यांच्या आत बैठक बोलवा. सफाई कामगारापासून अधिकाऱ्यापर्यंत जे प्रत्यक्ष होते ते सगळे हवेत. चार प्रश्न विचारा: काय व्हायला हवं होतं, काय झालं, फरक कशामुळे पडला, पुढच्या वेळी काय बदलायचं? सर्वांत कनिष्ठ माणसाला सर्वांत आधी बोलू द्या, नाहीतर वरिष्ठ बोलून गेल्यावर सगळे माना डोलावतात. कोणाला दोष देण्यासाठी ही बैठक नाही, हे सुरुवातीला सांगा आणि शेवटपर्यंत पाळा. अफवांची वही, तीन तारखांची नोंद आणि महिन्याच्या तपासण्यांच्या खुणा टेबलावर ठेवा. जिथे जिथे काम अडलं तो प्रत्येक प्रसंग पुढच्या टेबलसरावाच्या चिठ्ठ्यांमध्ये घाला, आणि त्या सरावाची तारीख बैठक उठण्याआधी ठरवून घ्या.